लिफ्ट फुकट मिळत नाही: चाळकेवाडीच्या पात्यापासून विमानाच्या पंखापर्यंत

ठोसेघरकर

नमस्कार मंडळी.

विमान उडतं कसं, याचं एक उत्तर आपल्या शाळांतून वर्षानुवर्षं दिलं जातं. पंखाची वरची बाजू फुगीर, खालची सपाट. वरच्या हवेला लांबचा रस्ता, खालच्या हवेला जवळचा. दोघींना मागच्या कडेला एकाच वेळी पोचायचं असतं, म्हणून वरची हवा जोरात पळते, तिचा दाब कमी होतो आणि पंख उचलला जातो. साताऱ्यात अकरावीला असलेल्या भाच्याच्या वहीत हेच उत्तर वाचलं आणि म्हटलं, यावर नीट लिहायलाच हवं.

वरची हवा जोरात पळते, हे खरं आहे. तिथला दाब कमी असतो, हेही खरं. पण एकाच वेळी पोचायची सक्ती हवेवर कुणी केलेली नाही. प्रत्यक्षात वरून गेलेली हवा मागच्या कडेला आधीच पोचलेली असते आणि खालची मागे राहते. म्हणजे उत्तरातली घटना बरोबर आणि तिचं कारण चूक. त्यामुळे मुलांना पुढचा कुठलाच प्रश्न सोडवता येत नाही. दोन्ही बाजूंनी सारखाच फुगीर असलेला पंख कसा उडतो? कसरतीचं विमान उलटं होऊन कसं उडतं? कागदाचं विमान तर दोन्हीकडून सपाटच असतं, मग ते का तरंगतं?

मी पवनचक्क्यांच्या देखभालीचं काम करतो. चाळकेवाडी, वनकुसवडे या पठारांवर रोजचं येणं-जाणं. पवनचक्कीचं पातं म्हणजे गोल फिरणारा पंखच, आणि विमानाचा पंख कुणी हात लावून बघू देत नसलं तरी पातं आम्हाला बघायला मिळतं. पातं जमिनीवर आडवं ठेवलेलं असताना त्याच्या शेजारून चालत गेलात तर सगळं समोर दिसतं. हबला, म्हणजे पाती बसवतात त्या मधल्या भागाला, जोडायचं टोक पाइपसारखं गोल. तिथून पुढे ते चपटं आणि रुंद होत जातं, मग निमुळतं. पुढची कड जाड आणि गुळगुळीत गोलाई असलेली, मागची कड पातळ. आणि पूर्ण पात्याला पीळ असतो. बुंध्याकडे पातं वाऱ्याला बरंच तोंड करून, टोकाकडे जवळजवळ फिरण्याच्या पातळीतच.

पीळ कशासाठी? वारा सेकंदाला १० मीटर असताना टोक सेकंदाला ७० मीटरच्या आसपास पळत असतं. टोकाच्या दृष्टीने वारा जवळजवळ समोरून, म्हणजे ते ज्या दिशेला पळतंय तिकडूनच येतो. बुंध्याचा भाग हळू फिरतो, त्याला वारा बराच बाजूने लागतो. पात्याच्या प्रत्येक इंचाने आपल्याकडे येणाऱ्या वाऱ्याशी चार-सहा अंशांचा कोन ठेवावा, एवढ्यासाठी तो पीळ. सगळं काम त्या कोनाचं आहे. त्याला अँगल ऑफ अटॅक म्हणतात.

पंख वाऱ्याशी थोडा कोन करून उभा राहिला की हवा त्याच्या दोन्ही अंगांना धरून वळते आणि मागून बाहेर पडताना किंचित खाली जाते. पंख हवेला खाली ढकलतो, हवा पंखाला वर ढकलते. हा न्यूटनचा तिसरा नियम. हवा वळायची तर वळणाच्या आतल्या बाजूला दाब कमी आणि बाहेरच्या बाजूला जास्त असावा लागतो, म्हणून पंखाच्या वर दाब घटतो. दाब घटला की वेग वाढतो, हा बर्नुलीचा नियम. एकाच घटनेचे हे दोन हिशेब आहेत आणि दोन्हीची बेरीज तीच येते.

पंखाला वर उचलणारं हे बळ म्हणजे लिफ्ट. ती कशाकशावर अवलंबून आहे ते सांगतो: हवेची घनता, पंखाचं क्षेत्रफळ, कोन आणि वेगाचा वर्ग. वेग दुप्पट केला तर त्याच कोनात लिफ्ट चौपट. ड्रॅगलाही, म्हणजे मागे ओढणाऱ्या बळालाही, हेच चौघे लागू, आणि माझ्या मते शाळेत सर्वांत वाईट शिकवलं जातं ते ड्रॅग. 'हवेचा विरोध' असं एका ओळीत उरकून टाकतात. ड्रॅगचा एक मोठा हिस्सा खुद्द लिफ्टमधूनच जन्माला येतो, हे कुणी सांगत नाही. त्यावर खाली सविस्तर लिहीन. आधी इथल्या जाणकारांचं म्हणणं ऐकायचं आहे.

कृष्णाकाठची

उत्तम विषय. मी सांगलीत अकरावी-बारावीला फिजिक्स शिकवते, म्हणून थोडं भांडून घेते.

बर्नुली शिकवणं चूक, असा याचा अर्थ मुलांनी काढू नये. आणि कागदाच्या पट्टीच्या प्रयोगाचं काय? पट्टी ओठांखाली धरून वरून फुंकर मारली की ती उचलली जाते. वर्गात हा प्रयोग हमखास चालतो आणि मुलांना तो आवडतो. तो तरी बर्नुलीचाच ना?

ठोसेघरकर

ताई, बर्नुलीचा नियम शंभर टक्के बरोबर आहे. चूक आहे ती त्याच्या आधी घुसडलेली 'एकाच वेळी पोचण्याची' अट. केंब्रिज विद्यापीठातल्या होल्गर बाबिन्स्की यांनी २००३ मध्ये यावर एक सुरेख लेख लिहिला. वाऱ्याच्या बोगद्यात (विंड टनेलमध्ये) पंखावर थांबून-थांबून धूर सोडला की वरचा धूर खालच्या धुराच्या पुढे निघून गेलेला साफ दिसतो. त्याचा व्हिडिओही आहे, वर्गात जरूर दाखवा.

पट्टीचा प्रयोग एकदा असा करून बघा. तीच पट्टी सरळ उभी लटकवा आणि तिच्या एकाच अंगाने वरून खाली फुंकर मारा. 'पळणाऱ्या हवेचा दाब कमी' एवढंच कारण असतं तर पट्टी फुंकरीकडे ओढली गेली पाहिजे. ती जवळजवळ हलत नाही. तोंडातून बाहेर पडलेल्या हवेचा दाब खोलीतल्या हवेइतकाच असतो. बर्नुली एकाच प्रवाहातल्या दोन जागांना लागतो. फुंकर आणि खोलीतली स्थिर हवा हे दोन वेगळे प्रवाह, त्यांची तुलना त्या नियमाने करता येत नाही. ओठांखालची पट्टी वाकलेली असते. फुंकर त्या वाकाला धरून वळते आणि वळण्यासाठी आतल्या बाजूला दाब घटावा लागतो. पट्टी उचलली जाते ती त्यामुळे.

कृष्णाकाठची

उभ्या पट्टीचा प्रयोग आत्ताच करून पाहिला. खरंच हलत नाही! यावर एक अख्खा तास घेता येईल. पुढचं ड्रॅगचं येऊ द्या, वाचतेय.

वाईचा वारा

पाचगणीला हंगामात पॅराग्लायडिंग करतो, म्हणून हवेतून दिसणारी बाजू मांडतो.

आमच्याकडे इंजिन नाही, त्यामुळे ड्रॅगचा हिशेब लगेच पायाखाली दिसतो. लिफ्ट भागिले ड्रॅग हा आकडा म्हणजेच एक मीटर खाली येताना किती मीटर पुढे जाणार. साध्या पॅराग्लायडरचा तो ८ ते १० च्या घरात असतो. खिंगरच्या कड्यावरून उडी घेतली, खाली ५०० मीटर खोल दरी आहे आणि आकडा ९ धरला, तर शांत हवेत साडेचार किलोमीटर जाऊन तुम्ही जमिनीवर. शर्यतीच्या अव्वल ग्लायडरचा, म्हणजे लांब पंखांच्या बिनइंजिनी विमानाचा, हाच आकडा ६० च्या पुढे असतो. तेवढ्याच उंचीवरून तो ३० किलोमीटर जाईल. फरक सगळा ड्रॅगचा. आमच्या दोऱ्या, लोंबकळत बसलेला माणूस, कापडाचा बुटका पंख, सगळे हवेला अडवतात.

नवीन मुलांना एक गोष्ट पटतच नाही. जाड माणूस आणि सडपातळ माणूस एकाच मापाच्या कॅनॉपीवर, म्हणजे कापडी पंखावर, उडाले तर शांत हवेत दोघंही सारख्याच अंतरावर पोचतात. जड माणसाला लिफ्ट जास्त लागते, ती तो वेग वाढवून मिळवतो, ड्रॅगही त्याच पटीत वाढतं, भागाकार तोच राहतो. तो फक्त लवकर पोचतो, कारण वेगाने जातो आणि वेगानेच खाली येतो. म्हणून तर शर्यतीतले ग्लायडर पंखात मुद्दाम पाणी भरून जड होतात आणि उतरण्याआधी ते सोडून देतात.

दुसरी गोष्ट वेगाची. सर्वांत जास्त वेळ हवेत राहायचं असेल तर एक वेग, सर्वांत लांब जायचं असेल तर त्याहून जरा जास्त वेग. ब्रेक म्हणजे पंखाची मागची कड खाली ओढणं. थोडा ओढला की लिफ्ट वाढते आणि ड्रॅगही. जास्त ओढून धरला की पंख उडायचाच थांबतो. उतरताना पाय टेकायच्या क्षणी मात्र दोन्ही ब्रेक पूर्ण ओढायचे. त्या क्षणी उरलेल्या सगळ्या वेगाची लिफ्ट करून टाकायची असते आणि ड्रॅगने थांबायचं असतं. वेळ साधली तर पायरी उतरल्यासारखे पाय टेकतात.

मिरजवाला

माझा फिजिक्सशी संबंध बारावीनंतर संपला, पण एक शंका बरेच दिवस आहे. पुण्याहून दिल्लीला जाताना पंखाच्या मागची सीट होती. उतरायच्या आधी पंखाच्या मागच्या बाजूने मोठमोठ्या फळ्या बाहेर सरकत खाली वळल्या. चाकं टेकल्याबरोबर पंखाच्या पाठीवरच्या पट्ट्या खाडकन उभ्या राहिल्या. दोन्ही कशासाठी? आणि पंखाचं टोक वर वळवलेलं का असतं?

कराडकर

मी काही काळ छोट्या विमानावर प्रशिक्षण घेतलं आहे, त्यामुळे यातलं सांगू शकतो. टोकाचं उत्तर ठोसेघरकर देतील.

मागून सरकत खाली आलेल्या त्या फ्लॅप. पंखाचं क्षेत्रफळ वाढतं, वाक वाढतो आणि कमी वेगातही पुरेशी लिफ्ट मिळते. जेट विमान वर ज्या वेगाने उडतं त्या वेगाने धावपट्टीवर उतरणं शक्य नाही. फ्लॅपमुळे ड्रॅगही खूप वाढतं आणि उतरताना ते हवंच असतं. ड्रॅग नसेल तर नाक खाली केलं की विमान वेग घेत सुटतं, उंची कमी करावी तरी कशी? फ्लॅप लावून पायलट उतार तीव्र ठेवतो आणि वेग हाताबाहेर जाऊ देत नाही.

पाठीवर उभ्या राहिलेल्या पट्ट्या म्हणजे स्पॉयलर. नाव बरोबर आहे, त्या लिफ्ट बिघडवतात. चाकं टेकली तरी वेग एवढा असतो की विमानाचं बरंचसं वजन अजून पंखच पेलत असतात. चाकांवर वजन नसेल तर ब्रेक दाबून उपयोग नाही, टायर घसरतील. स्पॉयलर उभे राहिले की पंखावरचा प्रवाह मोडतो, लिफ्ट जाते, विमानाचं वजन चाकांवर येतं आणि ब्रेक धरतात. उभ्या पट्ट्यांचं ड्रॅग मिळतं ते वर.

उन्हाळ्याचंही सांगतो, कारण ते आपल्या भागाला लागू आहे. कराड समुद्रसपाटीपासून पावणेसहाशे मीटरच्या आसपास. मे महिन्यात दुपारी पारा ४० वर गेला की इथल्या हवेची घनता समुद्रसपाटीवरच्या प्रमाण हवेपेक्षा सुमारे १४ टक्के कमी भरते. विमानाला वाटतं आपण १६०० मीटर उंचीवर आहोत. त्याच वजनाला तेवढीच लिफ्ट हवी तर खरा वेग ८ टक्के जास्त लागतो. धावपट्टीवरची धाव वेगाच्या वर्गाने वाढते, शिवाय विरळ हवेत इंजिन आणि प्रोपेलर दोघंही कमी जोर देतात. थंडीतल्या सकाळी जी धावपट्टी ऐसपैस वाटते तीच मे महिन्यात तोकडी वाटू लागते. लहान विमानांच्या धावपट्टीवर हा हिशेब उड्डाणाआधी कागदावर मांडावाच लागतो.

ठोसेघरकर

कराडकर, झकास लिहिलंत. आता मी कबूल केलेला भाग: लिफ्टमधून ड्रॅग जन्माला येतं म्हणजे काय. मिरजवाल्यांच्या पंखाच्या टोकाचं उत्तरही यातच येईल.

चार आसनांचं एक छोटं विमान घ्या. वजन ११०० किलो, पंखांची टोकाटोकातली लांबी ११ मीटर, वेग सेकंदाला ५५ मीटर, म्हणजे ताशी २०० किलोमीटरच्या जवळ. ढोबळमानाने असं धरतात की पंख आपल्या लांबीएवढ्या व्यासाच्या वर्तुळातली हवा खाली वळवतो. ते वर्तुळ ९५ चौरस मीटरचं. त्यातून दर सेकंदाला जाणारी हवा भरते साडेपाच टनांपेक्षा जास्त. हवेला वजन असतं हे आपण विसरतो, पण तो आकडा खरा आहे. विमान पेलायला त्या सगळ्या हवेला सेकंदाला साधारण २ मीटर एवढाच खाली जायचा वेग द्यावा लागतो. या ढकलण्यात खर्च होणारी शक्ती साधारण १० किलोवॅट. ती कुठून येते? इंजिनातून. विमानाला ती मागे ओढणाऱ्या बळाच्या रूपात जाणवते, अंदाजे १९० न्यूटन. हेच ते लिफ्टमधून जन्मलेलं ड्रॅग, इंड्यूस्ड ड्रॅग.

आता वेग निम्मा करा. हवा निम्मीच हाताशी येते, पण वजन तेवढंच. मग तिला दुप्पट वेगाने, सेकंदाला ४ मीटरच्या जवळ, खाली ढकलावं लागतं. ढकलण्याचा जोर वेगाच्या पटीत जातो, पण खर्च होणारी ऊर्जा वेगाच्या वर्गाने वाढते. त्यामुळे शक्ती लागते दुप्पट आणि ड्रॅग होतं चौपट, ७६० न्यूटनच्या घरात. वेग निम्मा केला म्हणून ड्रॅग चौपट! ही गोष्ट पहिल्यांदा समजली की माणूस थक्क होतो.

उरलेलं ड्रॅग, म्हणजे अंगावर घासणाऱ्या हवेचं आणि चाकं, खिडक्या, दांडे यांनी हवा अडवल्याचं, ते मात्र वेगाच्या वर्गाने वाढत जातं. एक वेगाबरोबर घटतं, दुसरं वाढतं. जिथे दोन्ही सारखी होतात त्या वेगाला एकूण ड्रॅग सर्वांत कमी. वाईकर म्हणतात तो सर्वांत लांब नेणारा वेग हाच.

म्हणून थोड्या हवेला जोरात हाणण्यापेक्षा भरपूर हवेला हलकेच खाली सारणं स्वस्त पडतं. ग्लायडरचे पंख लांबलचक आणि अरुंद असतात ते यासाठी. टोकापाशी काय होतं, तर खालच्या जास्त दाबाची हवा टोकावरून वर निसटते आणि तिचा भोवरा मागे सुटतो. पंख फार लांब केले तर ते जड होतात, आणि विमानतळावर विमान उभं करायच्या जागेत मावत नाहीत. त्यावर तोडगा म्हणून टोक वर वळवतात. अमेरिकेच्या नासातले रिचर्ड व्हिटकोम्ब यांनी १९७० च्या दशकात यावर मूलभूत काम केलं. आज जवळपास प्रत्येक नव्या प्रवासी विमानाला पंखाच्या टोकाची काही ना काही खास रचना असते, कारण इंधनात तीन-चार टक्के वाचले तरी वर्षाकाठी तो फार मोठा पैसा होतो.

यवतेश्वरच्या घाटात थांबून घारीकडे बघा. घिरट्या घालताना तिच्या पंखाच्या टोकाची पिसं बोटांसारखी फाकलेली आणि वर वळलेली दिसतात. एक मोठा भोवरा फोडून त्याचे लहान-लहान करण्याची ती सोय आहे.

मोठ्या विमानाच्या मागे हे भोवरे काही मिनिटं हवेत टिकून राहतात. एकाच धावपट्टीवर जड विमानामागे हलक्या विमानाला थांबवून ठेवतात, त्याचं हे कारण. विमान जितकं जड आणि हळू, भोवरा तितका दांडगा.

मिरजवाला

वेग कमी केल्यावर ड्रॅग वाढतं, हे दोनदा वाचलं तेव्हा कुठे समजलं. मग विमान हळू करत-करत नेलं तर शेवटी काय होतं? इंजिनाचा जोर अपुरा पडतो का?

कराडकर

त्याच्या आधी किंवा त्याच सुमाराला पंख स्टॉल होतो. तेवढीच लिफ्ट कमी वेगात हवी तर कोन वाढवावा लागतो. नेहमीच्या पंखाला १५ अंशांच्या आसपास हवा पाठीला धरून वळेनाशी होते, सुटून जाते. लिफ्ट ढासळते आणि ड्रॅग उसळतं. लक्षात ठेवायची गोष्ट ही की स्टॉल कोनामुळे होतो. इंजिन व्यवस्थित चालू असतं, कधीकधी पूर्ण जोरात असतं, तरीही होतो.

१ जून २००९ ला एअर फ्रान्सचं रिओहून पॅरिसला निघालेलं ४४७ क्रमांकाचं विमान अटलांटिकमध्ये पडलं, त्यात हेच झालं. वेग मोजणाऱ्या नळ्यांमध्ये बर्फ साचला, वेगाचे आकडे बिघडले, ऑटोपायलट सुटला. विमान धडधाकट होतं. पण नाक वर ओढलं गेलं आणि वरच धरून ठेवलं गेलं. सुमारे ३८,००० फुटांवरून समुद्रापर्यंत साडेतीन मिनिटांच्या आसपास, २२८ माणसं गेली. इलाज होता नाक खाली करून कोन कमी करण्याचा. खाली पडत असताना नाक आणखी खाली करायचं, हे माणसाच्या जिवाला पटत नाही. म्हणून प्रशिक्षणात हातात ती सवय बाणेपर्यंत स्टॉल करून दाखवतात आणि आपल्याकडून करून घेतात. आधी पंख थरथरतो, कंट्रोल ढिले पडतात, मग नाक आपोआप खाली कलतं. ती थरथर अंगात भिनवून घ्यायची असते.

दुसऱ्या टोकाचं उदाहरणही देतो, ड्रॅगने माणसं वाचवली ते. २३ जुलै १९८३, एअर कॅनडाचं बोइंग ७६७. इंधन भरताना किलो आणि पौंड यांचा घोळ झाला आणि ४१,००० फुटांवर इंधन संपत आलं. दोन्ही इंजिनं बंद. त्या वेळी विमानाच्या पोटाखालून एक छोटी पवनचक्की बाहेर येते आणि समोरच्या वाऱ्यावर फिरून कंट्रोल हलवण्यापुरती शक्ती देते. ठोसेघरकरांच्या पठारावरच्या पात्यांचंच ते बारकं भावंड. ते विमान तरंगत गिमली नावाच्या जुन्या हवाई तळाकडे आलं तेव्हा उंची जास्त होती आणि परत फिरून यायला जागा नव्हती. कॅप्टन बॉब पिअर्सन ग्लायडरही उडवायचे. त्यांनी एका बाजूला पंख झुकवला आणि रडर, म्हणजे शेपटीवरचं सुकाणू, उलट बाजूला दाबलं. विमान तिरकं होऊन हवेत आडव्या अंगाने घसरू लागलं, ड्रॅग प्रचंड वाढलं, वेग न वाढता उंची घटली. जमिनीजवळ येताच सरळ करून उतरवलं. ६९ च्या ६९ माणसं वाचली. या तिरक्या घसरण्याला स्लिप म्हणतात आणि छोट्या विमानावर आम्हालाही ती शिकवतात.

वाईचा वारा

गिमलीचं वाचून अंगावर काटा आला. आमच्याकडे उंची पटकन घालवायची असेल तर कॅनॉपीची दोन्ही टोकं दोरीने दुमडून घेतात. त्याला बिग इअर्स म्हणतात. पंख छोटा होतो, लोंबकळणाऱ्या टोकांचं ड्रॅग वाढतं आणि खाली येण्याचा वेग वाढतो. कड्यावर वारा अचानक वाढला तर ते करता यायलाच हवं.

ठोसेघरकर दादा, एक विचारायचं होतं. पठारावर वादळी वारा असतो तेव्हा तुमच्या पवनचक्क्या थांबलेल्या असतात. एवढा वारा फुकट का घालवायचा?

ठोसेघरकर

वाऱ्यातली शक्ती वेगाच्या घनाने वाढते. वारा दुप्पट झाला तर शक्ती आठपट. त्यातलीही पूर्ण काढून घेता येत नाही. जास्तीत जास्त ५९.३ टक्के, ही मर्यादा आल्बर्ट बेट्झ यांच्या नावाने ओळखली जाते. साधारण १२-१३ मीटर प्रतिसेकंद वाऱ्याला मशीन पूर्ण क्षमतेला पोचतं. त्यापुढची शक्ती नकोच असते, गिअरबॉक्स आणि जनरेटर ती झेपवू शकत नाहीत. म्हणून पाती आपल्या अक्षात फिरवून कोन कमी करतात आणि लिफ्ट उतरवतात. याला पिच म्हणतात. वारा सेकंदाला २५ मीटरच्या आसपास गेला की पाती पूर्ण वळवून कड वाऱ्याकडे करतात आणि मशीन थांबवतात. जुन्या काही मशीनची पाती हबला पक्की बसवलेली असायची. त्यांचा कोन असा निवडलेला असायचा की वारा वाढला की पातं आपसूक स्टॉल व्हावं. कराडकर ज्याच्यापासून वाचायला शिकले तेच तिथे ब्रेकचं काम करायचं.

ड्रॅग आमच्या धंद्यात किती महाग पडतं तेही सांगतो. टोकाजवळ वारा जवळजवळ समोरूनच येतो, त्यामुळे बहुतेक लिफ्ट टॉवरला मागे रेटण्यात जाते. पात्याला फिरवायच्या दिशेने तिचा दहावा भागसुद्धा जेमतेम येतो. ड्रॅग मात्र जवळपास पूर्णच उलट दिशेने ओढतं. लिफ्ट ड्रॅगच्या १०० पट असेल तर ड्रॅग त्या उपयोगी भागातला साधारण दहावा हिस्सा खातं. ५० पटच उरली तर पाचवा. आणि ती घटायला फार काही लागत नाही. पावसाचे थेंब आणि धूळ सेकंदाला ७० मीटरने टोकाच्या पुढच्या कडेवर आदळत राहतात. रंग जातो, मग खालचा थर खरवडला जातो, कड हाताला वाळूच्या कागदासारखी लागते. आपल्याकडचा पावसाळा तर विचारू नका. दोरावर लटकून ती कड घासून, भरून, पुन्हा गुळगुळीत करणारी मुलं पठारावर काम करतात. वीज मिळते त्यात त्यांच्या हाताचा मोठा वाटा आहे आणि त्यांचं नाव कुठेच येत नाही.

कृष्णाकाठची

हा धागा मी प्रिंट काढून प्रयोगशाळेत लावणार आहे. छोट्या विमानाचं गणित तर मुलं स्वतः करू शकतील, त्यात संवेग आणि गतिज ऊर्जा सोडून काहीच लागत नाही.

एक प्रयोगही डोक्यात आहे. थर्मोकोलचा पंख कापून, काटकोनी सळईवर बसवून डिजिटल वजनकाट्यावर उभा करायचा, समोर टेबल फॅन. वजन जितकं कमी दिसेल तितकी लिफ्ट. कोन बदलत जायचं आणि आलेख काढायचा. चालेल का?

ठोसेघरकर

नक्की चालेल, दोन-तीन गोष्टी सांभाळा. फॅनची हवा पिळवटलेली येते, त्यामुळे आकडे नाचतात. कोल्ड्रिंकच्या स्ट्रॉ एकमेकींना चिकटवून त्याची जाळी करा आणि फॅन व पंख यांच्यामध्ये उभी करा, हवा बरीच सरळ होते. काट्याच्या ताटलीवर थेट वारा लागू देऊ नका, पुठ्ठ्याचा आडोसा करा. सळई लांब घ्या म्हणजे पंख काट्यापासून वर राहील. आणि वजनकाटा शून्यावर आणताना सगळा सांगाडा ठेवून, फॅन बंद करून आणा.

पंखाच्या पाठीवर लोकरीचे बोटभर धागे फक्त पुढच्या टोकाला चिकटवा. शून्य, पाच, दहा अंशांना ते मागे सरळ पडून राहतील. पुढे एका कोनात ते फडफडून उलटे वळायला लागतील, त्याच सुमाराला काट्यावरची लिफ्ट घसरलेली दिसेल. तुमच्या पंखाला हा कोन १५ च्या बराच आधी येईल, कारण पंख छोटा आणि वारा हळू आहे. मुलांनी आलेलाच आकडा लिहावा, पुस्तकातला नको. आलेख तयार झाला की इथे टाका. मी एका जुन्या पात्याच्या छेदाचं माप देतो, त्या आकाराचा दुसरा पंख कापून दोघांची तुलना करता येईल.